स्वतः गाणारी नीरा

हल्ली पडद्यावर नायिका नुसते ओठ हलवते, गाते दुसरीच! पार्श्वगायन रुळण्याआधी मात्र नटीला स्वतःच गावं लागे. शांता आपटे अशाच एक गाणाऱ्या नटी.

१९३४ च्या 'अमृतमंथन'मुळे त्यांचं नाव झालं. पण त्यांचं खरं तेज बघायचं तर प्रभातचा 'कुंकू' (१९३७) बघा, आईबाबांनाही शेजारी बसवा. व्ही. शांतारामांच्या या चित्रपटात नीराचं लग्न फसवून म्हाताऱ्या काकासाहेबांशी लावून देतात. पण नीरा रडत बसत नाही, त्यांना नवरा मानायलाच साफ नकार देते! गंमत म्हणजे या चित्रपटाला पार्श्वसंगीत नाहीच. घड्याळाची टिकटिक, घरातले आवाज, बस्स! त्यामुळे शांताबाईंचं मोकळं गाणं आणि चेहऱ्यावरचा राग काय उठून दिसतो!

एरवीही बाई तशाच करारी. १९३९ साली कंपनीशी बिनसलं, तेव्हा पुण्यात प्रभातच्या फाटकाशीच उपोषणाला बसल्या. १९४० मध्ये चक्क पुस्तक लिहिलं, 'जाऊ मी सिनेमांत?' पुढच्याच वर्षी तमिळ 'सावित्री'त त्या सावित्री झाल्या. त्यातला नारद कोण होता, माहीत आहे? एम. एस. सुब्बलक्ष्मी!