डब्यातील पडदा आणि आपली जाहिरात

दूरचित्रवाणी आपल्या देशात १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीस सुरू झाली. मुंबईस ती २ ऑक्टोबर १९७२ रोजी आली, आणि दूरदर्शनवर व्यापारी जाहिराती १९७६ पासून दिसू लागल्या. तेव्हा ती दिवाणखान्यात होती व तिची कळ घरधन्याच्या हाती होती. आता मुंबईच्या काही लोकल गाड्यांत बातम्या व जाहिराती दाखविणारे पडदे आले आहेत. तेथे कळ प्रवाशाच्या हाती नाही. आपणां व्यापाऱ्यांनी विचार करावा असा फरक नेमका हाच होय.

गेल्या वर्षी धान्याच्या कामासाठी वाशीच्या दाणाबाजारात जाताना असा एक पडदा मी पाहिला. एक बातमी, मग साबण; दुसरी बातमी, मग डाळीची पिशवी. आवाज नव्हता, म्हणून कोणास त्रासही नव्हता. ज्याला पाहावयाचे तो पाही. परत आल्यावर देवासहून इंदूरला बसने निघालो, तो तेथे पडदा मोठ्या आवाजात सुरू. माझ्या शेजारी रात्रपाळी करून आलेला एक कामगार बसला होता. त्याने दोनदा आवाज कमी करण्याची विनंती केली. कोणी ऐकले नाही. डोळे मिटता येतात, कान मिटता येत नाहीत!

हा तंटा नवा नाही. न्यूयॉर्कच्या ग्रँड सेंट्रल स्थानकात ध्वनिक्षेपकावरून जाहिराती ऐकविण्यास प्रारंभ झाला होता; प्रवाशांनी इतका विरोध केला की १९५० च्या आरंभी त्या बंद कराव्या लागल्या. वॉशिंग्टनच्या ट्राम व बसगाड्यांतील असाच प्रकार तेथील सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९५२ साली निकाल कंपनीच्या बाजूने लागला. परंतु न्यायमूर्ती फ्रँकफर्टर या खटल्यापासून दूर राहिले. स्वतःच त्या आवाजाने त्रस्त असल्याने आपले मन निःपक्षपाती राहणार नाही, असे त्यांनी नमूद केले. न्यायमूर्ती डग्लस यांनी तर विरुद्ध मत नोंदविले.

आता आपल्या घरची गोष्ट. बसमधील पडद्यावर आपल्या पेढीची जाहिरात द्यावी, असा प्रस्ताव माझ्या पुतण्याने मांडला. ‘काका, तासभर गिऱ्हाईक जागचे हलत नाही. याहून चांगली संधी कोणती?’ असे तो म्हणाला. त्याचा हिशेब चुकीचा नव्हता. पण मला तो कामगार आठवला. दुकानात आलेले गिऱ्हाईक भाव न पटल्यास उठून जाते, आणि ते जाऊ शकते म्हणूनच त्याच्या येण्यास मोल आहे. ज्याने तिकिटाचे पैसे मोजले, त्याने आपली विश्रांती आपल्याला दिलेली नाही. न दिलेले घेणे यास आपल्याकडे अदत्तादान म्हणतात. ते केवळ तिजोरीपुरतेच लागू आहे काय?

अखेर आम्ही दोघांनी तोड काढली: जाहिरात द्यावी, पण निःशब्द, आणि त्यात धान्याची प्रत व वजन यांखेरीज काही असू नये. अतिशयोक्ती महागही पडते. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यान्वये फसव्या जाहिरातीस दहा लाख रुपयांपर्यंत, आणि पुन्हा तसे केल्यास पन्नास लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. बसवाल्याने निःशब्द जाहिरात नाकारली, तेव्हा आम्ही ती दिलीच नाही. पुतण्या दोन दिवस रुसला होता. असो.

देवास इंदूर–उज्जैन लोहमार्गावर आहे. इंदूरला ३१ मे २०२५ पासून मेट्रो धावू लागली. धारवरून जाणाऱ्या इंदूर–दाहोद मार्गाची कोनशिला २००८ सालीच बसली. पडद्यांवरील जागा विकणारे उद्या आपल्याही पेढीवर येतील. तेव्हा सभासद बंधूंनी दर विचारण्यापूर्वी एवढेच विचारावे: ‘आवाज बंद ठेवणार काय?’ पेढीची पत गिऱ्हाइकाने आपण होऊन ऐकलेल्या शब्दावर उभी असते.