खाते आणि खटला – भाग ७ : निकालापर्यंत चौकशी थांबते का?

परंडा तालुक्यातल्या एका ग्रामसेवकाचं उदाहरण घेऊ. (पदनाम आता ग्रामपंचायत अधिकारी, गावात अजून ग्रामसेवकच.) माणूस काल्पनिक, प्रकार नेहमीचा. पाणीपुरवठ्याच्या निधीत अपहार झाला म्हणून विस्तार अधिकारी परंडा पोलिसांत फिर्याद देतात. इकडे गुन्हा दाखल, तिकडे निलंबन. काही महिन्यांनी जिल्हा परिषदेचं दोषारोपपत्र हातात पडतं, जोडपत्र एक ते चारसह. दोन्हीकडे साक्षीदार तेच विस्तार अधिकारी आणि कागद तोच, नमुना ५ची रोकड वही. मूळ वही पोलिसांनी जप्त केलेली, म्हणून खात्याच्या चौकशीत साक्षांकित प्रत.

ग्रामसेवकाची अडचण खरी आहे. आरोपी म्हणून कोर्टात तो गप्प बसू शकतो. सिद्ध करण्याचा भार सरकारी पक्षावर असतो. चौकशीत मात्र गप्प बसला तर नोकरी जाण्याची भीती, आणि बोलला तर बचाव खटल्याआधीच उघडा पडतो. म्हणून तो अर्ज करतो : निकाल लागेपर्यंत चौकशी स्थगित ठेवा.

हा अर्ज करता येतो, पण मान्य होईलच असं नाही. १९६० साली दिल्ली क्लॉथ मिल्सच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. तिथल्या एका शिपायावर हेडक्लार्कची सायकल चोरल्याचा आरोप होता. खटला चालू आहे म्हणून तो चौकशीत बोलायला तयार झाला नाही आणि बडतर्फ झाला. पुढे फौजदारी कोर्टातून सुटला, तरी बडतर्फी टिकली. मालकाने खटल्याची वाट पाहिलीच पाहिजे असं नाही, मात्र प्रकरण गंभीर असेल किंवा त्यात तथ्यांची वा कायद्याची गुंतागुंत असेल तर थांबणं इष्ट, असं न्यायालय म्हणालं. सायकलचोरीत तशी गुंतागुंत नव्हती.

१९९९च्या कॅप्टन पॉल अँथनी खटल्यात ही कसोटी आणखी नेमकी झाली. कोलारच्या सोन्याच्या खाणीतला हा सुरक्षा अधिकारी; घरावर छापा पडला, निलंबन झालं. निर्वाह भत्ता मिळत नव्हता. केरळातून चौकशीला यायला पैसे नाहीत म्हणून तो हजर राहू शकला नाही, आणि एकतर्फी चौकशीत बडतर्फ झाला. फौजदारी कोर्टाने मात्र तोच छापा आणि तेच साक्षीदार अविश्वसनीय ठरवून त्याला सोडलं. सर्वोच्च न्यायालयाने त्याला नोकरीवर परत घ्यायला लावलं. त्याच निकालात दुसरी बाजूही आहे : खटला रखडला तर थांबवलेली चौकशी पुन्हा सुरू करता येते.

तेव्हा ‘प्रकरण न्यायप्रविष्ट आहे’ एवढंच लिहिलेला अर्ज मला फुकाचा वाटतो. असे अर्ज ढिगाने येतात, आणि त्यातले बरेचसे फक्त वेळ काढण्यासाठी असतात. कोणता आरोप, कोणता साक्षीदार, कोणत्या प्रश्नाचं उत्तर दिलं तर खटल्यातला बचाव उघडा पडेल, हे नावानिशी लिहावं लागतं. आपल्या ग्रामसेवकावर बदलीनंतर दप्तर वेळेत न सोपवल्याचाही आरोप असेल, तर त्याचा अपहाराच्या खटल्याशी संबंध नाही. ती चौकशी खुशाल चालू द्यावी.

अर्ज आधी शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याकडे. तिथे फेटाळला तर राज्य सरकारचा कर्मचारी असलेला तलाठी ‘मॅट’मध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जाईल, जिल्हा परिषदेच्या ग्रामसेवकाला उच्च न्यायालयाचं औरंगाबाद खंडपीठ गाठावं लागेल. स्थगिती मिळाली तरी ती अमर्याद असेलच असं नाही. स्टॅन्झेन टोयोटेत्सूच्या २०१४च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने खटला उरकायला एक वर्ष दिलं. तेवढ्यात संपला नाही तर चौकशी पुन्हा सुरू.

आणि निर्दोष सुटलं की चौकशी आपोआप मिटते, हाही गैरसमजच. नागपूर महापालिकेच्या १९८१च्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की सन्मानाने सुटका झाली असेल तर चौकशी पुढे नेणं सहसा योग्य नाही, पण तो अधिकार खात्याकडे उरतोच. कोर्टाला संशयातीत पुरावा लागतो, खात्याला शक्यतेचं पारडं झुकलं तरी पुरतं.

पुढच्या आठवड्यात निर्वाह भत्ता. महाराष्ट्रात एके काळी शिक्षा झालेल्या आणि अपील प्रलंबित असलेल्या निलंबित कर्मचाऱ्याला महिना एक रुपया भत्ता ठरवणारा नियम होता. चंद्रभान तळे खटल्यात १९८३ साली तो रद्द झाला. त्याची हकीकत तेव्हा.