काळ्या पाण्याची सुट्टी!

काळं पाणी म्हटलं की आपल्याला आठवतं ते अंदमान. शिक्षा, कोलू, अंधारकोठडी. पण अमेरिकेत एक काळं पाणी असं आहे की तिथे जायला लोक महिनोन्‌महिने आधी रजा टाकतात, कयाक भाड्याने घेतात आणि चार दिवस मोबाइलची रेंज नसली तरी तक्रार करत नाहीत. या नदीचं नाव सुवानी. दांडेलीला आपण ज्या काळी नदीत राफ्टिंग करतो ती नावाचीच काळी. सुवानी मात्र खरोखरची काळी आहे!

तुमच्या ऑफिसातलं कुणी ना कुणी अटलांटा, जॅक्सनव्हिल किंवा टॅम्पाला ऑनसाइट असेलच. त्यांचे बहुतेक लाँग वीकएण्ड ऑर्लॅण्डोच्या थीम पार्कात नाहीतर मायामीच्या बीचवर जातात. या सगळ्या शहरांपासून काही तासांच्या ड्राइव्हवर ही नदी आहे, हे त्यातल्या किती जणांना ठाऊक असेल?

आधी फंडा समजून घेऊ

पाणी काळं म्हणजे घाण, हा आपला पहिला समज. आपल्याकडच्या शहरांतल्या नद्या बघून दुसरं काही वाटणंही कठीण. पण सुवानीचं पाणी काळं आहे ते चहा काळा असतो त्याच कारणाने. कोरा चहा आठवा. गरम पाण्यात पत्ती टाकली की तिच्यातलं टॅनिन उतरतं आणि पाण्याला रंग चढतो. इथे पत्तीच्या जागी सायप्रससारखी झाडं, त्यांची गळलेली पानं आणि दलदलीत अर्धवट कुजून साचलेला वनस्पतींचा थर आहे. त्याला पीट म्हणतात. चहाचं भांडं म्हणजे जॉर्जिया राज्यातली ओकिफिनोकी ही अवाढव्य दलदल.

ओंजळीत घेतलंत तर हे पाणी काळं दिसतच नाही, फिक्या चहासारखं सोनेरी दिसतं. खोल जागी मात्र उजेड आत शिरत नाही आणि नदी काळ्या काचेसारखी होते. वारा पडला की काठावरची झाडं, त्यांच्यावरून लोंबणारं राखाडी स्पॅनिश मॉस, वरचे ढग, सगळं जसंच्या तसं उलटं दिसतं. फोटोग्राफर मंडळी या नदीवर फिदा आहेत, ती उगाच नाही.

दलदलीतून समुद्रापर्यंत

ओकिफिनोकी या नावाचा अर्थ ‘थरथरणारी जमीन’ असा सांगितला जातो. पीटचा थर काही ठिकाणी साडेचार मीटरपर्यंत जाड आहे आणि त्याचे तरंगणारे तुकडे पायाखाली खरोखर हलतात. १९३७ साली इथे राष्ट्रीय वन्यजीव आश्रयस्थान जाहीर झालं. त्याचं क्षेत्रफळ सुमारे १,६०० चौरस किलोमीटर, म्हणजे अख्खी मुंबई अडीच वेळा आत मावेल!

त्याआधी, १८९१ मध्ये, एका कंपनीने ही दलदल कोरडी करून विकायचा घाट घातला होता. त्यांनी अठरा-एकोणीस किलोमीटर लांबीचा कालवा खणला. दलदल काही हटली नाही, कंपनी मात्र बुडाली. आज त्याच कालव्यातून पर्यटकांच्या बोटी फिरतात. काव्यगत न्याय यालाच म्हणत असावेत.

दलदलीतलं बहुतेक पाणी सुवानीतून बाहेर पडतं. फार्गो गावाजवळून निघालेली नदी फ्लोरिडात शिरते, वळणं घेत सुमारे ४०० किलोमीटर जाते आणि मेक्सिकोच्या आखाताला मिळते. सुरुवातीला तिचं पाणी चांगलंच आम्लधर्मी असतं, जवळपास टोमॅटोच्या रसाइतकं. पुढे चुनखडीचा प्रदेश लागतो आणि नदीचा स्वभाव बदलतो. जमिनीखालून थंड, निळसर, आरपार दिसणारे झरे वर येतात. या खोऱ्यात असे दोनशेहून जास्त झरे आहेत. एकट्या मॅनॅटी स्प्रिंग्जमधून रोज सुमारे ३८ कोटी लिटर पाणी बाहेर पडतं. झरा नदीला मिळतो तिथे एका बाजूला काचेसारखं पाणी आणि दुसऱ्या बाजूला कोरा चहा! नदीला पूर आला की कधीकधी उलटंच होतं. काळं पाणी झऱ्याच्या तोंडातून आत शिरतं आणि झरा उलटा वाहू लागतो.

उडणारे मासे आणि इतर मंडळी

सुवानीचा खरा स्टार म्हणजे गल्फ स्टर्जन. डायनोसॉरच्या काळापासून चालत आलेल्या घराण्यातला हा मासा. त्याच्या अंगावर खवल्यांऐवजी हाडांच्या पट्ट्या असतात. तो माणसापेक्षा लांब होतो आणि वजन नव्वद किलोपर्यंत जातं. हिवाळ्यात तो समुद्रात पोट भरतो आणि वसंतात नदीत येतो. उन्हाळाभर इथे राहतो, पण जवळजवळ काहीच खात नाही. दिवसातून मधूनच पाण्याबाहेर सरळ उडी मारतो आणि धप्पकन आपटतो. शास्त्रज्ञांच्या मते पोटातल्या हवेच्या पिशवीत हवा भरून घेण्यासाठी ही कसरत असावी.

बघायला मजा येते, पण हा गमतीचा विषय नाही. २०१५ साली उडी मारलेल्या स्टर्जनची धडक बसून बोटीतल्या पाच वर्षांच्या मुलीचा जीव गेला. म्हणूनच उन्हाळ्यात बोटी सावकाश चालवा आणि लाइफ जॅकेट घाला, असं पुन्हा पुन्हा सांगितलं जातं. बेसुमार मासेमारीने हा मासा संपत आला होता. फ्लोरिडाने १९८४ मध्ये त्याच्या मासेमारीवर बंदी घातली, १९९१ पासून तो संरक्षित यादीत आहे आणि सुवानी हे आज त्याचं सर्वांत मोठं घर आहे.

बाकीची मंडळीही कमी नाहीत. ओकिफिनोकीत हजारोंनी ॲलिगेटर आहेत. हिवाळ्यात समुद्रातल्या मॅनॅटी, म्हणजे मिश्या असलेल्या अजस्र, गरीब स्वभावाच्या सागरी गाई, बारा महिने २२ अंश तापमान राखणाऱ्या झऱ्यांच्या उबेला येतात. आणि तळाशी जबडा उघडून बसतं एक अवाढव्य कासव. त्याच्या जिभेवर गांडुळासारखा वळवळणारा तुकडा असतो. मासा त्याला भुलला की खेळ खलास! सुवानीचं हे कासव स्वतंत्र प्रजातीचं आहे, हे शास्त्राला कळलं थेट २०१४ मध्ये. दहा वर्षांनी, २०२४ मध्ये, त्याला धोक्यातली प्रजाती म्हणून संरक्षणही मिळालं.

पांढऱ्या रंगासाठी काळं पाणी?

आता थोडं सीरियस होऊ. दलदलीच्या पूर्वेला ट्रेल रिज नावाचा वाळूचा लांबलचक उंचवटा आहे. प्राचीन काळी तो समुद्रकिनारा होता. दलदलीचं पाणी तिकडे वाहून जाऊ नये म्हणून निसर्गाने घातलेला बांधच म्हणा ना. या वाळूत टायटॅनियमची खनिजं आहेत. टायटॅनियम डायॉक्साइड लागतं कशाला? तर घराच्या रंगापासून टूथपेस्टपर्यंत सगळं शुभ्र दिसण्यासाठी!

१९९०च्या दशकात ड्यूपाँट कंपनीने इथे खाण काढायचं ठरवलं. विरोध झाला आणि कंपनीने माघार घेतली. पुढे ट्विन पाइन्स मिनरल्स ही दुसरी कंपनी आली. तिची जागा आश्रयस्थानाच्या हद्दीपासून पाच किलोमीटरच्या आत होती. उंचवट्याची वाळू उकरली तर दलदलीची पातळी खाली जाईल, अशी भीती अनेक जलतज्ज्ञांनी मांडली. पातळी घटली की पीट वाळतं आणि वाळलेलं पीट सरपणासारखं पेटतं. २००७, २०११ आणि २०१७ मध्ये इथे प्रचंड वणवे लागले होते, तेव्हा ही भीती हवेतली नव्हती. जॉर्जिया राज्याने २०२४ मध्ये परवान्यांचे मसुदे जाहीर केले आणि हजारो लोकांनी हरकती पाठवल्या. शेवटी तिढा सुटला तो पैशाने. जून २०२५ मध्ये ‘द कॉन्झर्व्हेशन फंड’ या संस्थेने ती जमीन सुमारे सहा कोटी डॉलरना विकतच घेतली.

म्हणजे हॅपी एंडिंग? अर्धंच. खाली फ्लोरिडात झऱ्यांची गोष्ट अजून चालू आहे. व्हाइट स्प्रिंग्ज या गावाचं नावच झऱ्यावरून पडलेलं. एकेकाळी लांबलांबून लोक तिथल्या गंधकाच्या पाण्यात डुंबायला यायचे. भूजलाचा उपसा वाढत गेला आणि झऱ्याचं वाहणं जवळपास थांबलं. त्याच्याभोवती बांधलेल्या स्नानगृहाच्या भिंती मात्र आजही उभ्या आहेत. इतर अनेक झऱ्यांत खतांमधून आणि गोठ्यांमधून नायट्रेट झिरपतं आणि शेवाळ माजतं. गंमत बघा. जे काळं दिसतं ते निरोगी, आणि जे आरपार दिसतं त्यातच न दिसणारं दुखणं. नदीची तब्येत रंगावरून ठरवू नये, एवढं सुवानीकडून शिकण्यासारखं आहे.

जायचं असेल तर...

कुठून : व्हाइट स्प्रिंग्ज गाव अटलांटाहून साधारण चार-साडेचार तास, जॅक्सनव्हिलहून दीड तासाच्या आत. दलदल बघायची असेल तर फार्गोजवळचं स्टीफन सी. फॉस्टर स्टेट पार्क गाठा. शहरी दिव्यांपासून दूर असल्याने इथलं रात्रीचं आकाश अप्रतिम दिसतं. त्यासाठी पार्कला २०१६ मध्ये आंतरराष्ट्रीय मान्यताही मिळाली.

हे फॉस्टर कोण : १८५१ मध्ये सुवानीवर गाणं लिहून तिला जगप्रसिद्ध करणारे संगीतकार. त्यांनी नदी कधीच पाहिली नव्हती, नाव नकाशातून उचललं! १९३५ पासून ते फ्लोरिडाचं राज्यगीत आहे. गुलामगिरीच्या काळाचे गोडवे गाणारे मूळ शब्द २००८ मध्ये बदलण्यात आले.

काय कराल : व्हाइट स्प्रिंग्जपासून समुद्रापर्यंत कयाकचा आखलेला मार्ग आहे. वाटेत नदीकाठच्या कॅम्पमध्ये जाळी लावलेल्या ओट्यांवर मुक्काम करता येतो. बुकिंग आधी करा. थ्रिल हवं तर बिग शोल्स, फ्लोरिडातली सर्वांत मोठी रॅपिड. सराव नसेल तर कयाक उचलून काठाने चालत जा, कोणी हसत नाही. पीकॉक स्प्रिंग्जच्या पाण्याखालच्या गुहा फक्त प्रशिक्षित केव्ह डायव्हर्ससाठी.

कधी : ऑक्टोबर ते एप्रिल उत्तम. उन्हाळ्यात स्टर्जन दिसतील, पण उकाडा आणि डासही भरपूर.

हे नको : ॲलिगेटरला काहीही खायला घालू नका. माणसाकडून खाऊ मिळायची सवय लागली की तो माणसाला घाबरेनासा होतो, आणि शेवटी जीव त्याचा जातो. फ्लोरिडात तो गुन्हाही आहे.