पाणी, पायऱ्या आणि पैठणी

लग्नसराई ओसरू लागली की माझ्या दवाखान्यात स्त्रिया एक ठरावीक तक्रार घेऊन येऊ लागतात. लघवीला जळजळ, ओटीपोटात दुखणे, अंगात कणकण. किन्हवलीत सत्तावीस वर्षे दवाखाना चालवल्यानंतर तपासण्यापूर्वीच मला कारण सुचते. वऱ्हाडाच्या गाडीत पहाटे बसलेली ही बाई रात्री घरी परतेपर्यंत जेमतेम दोन पेले पाणी प्यायलेली असते. प्यायले तर जावे लागेल, आणि जायचे कुठे? मी औषध लिहून देते आणि वर दोन शब्द सुनावते. तेवढे पुरेसे असते, अशी गेल्या हिवाळ्यापर्यंत माझी समजूत होती.

वाचकहो, पुढील हकिकत एका तीन दिवसांच्या सहलीची आहे. तीत किल्ला आहे, मकबरा आहे, हातमाग आहेत आणि नान-खलियाही आहे. आपणही कुटुंबाला घेऊन अशा सहलीला जावे, अशी माझी मनापासून इच्छा आहे. मात्र मी जशी निघाले, तसे निघू नये.

समृद्धी महामार्ग आमच्या शहापूर तालुक्यातून जातो. जून २०२५ मध्ये त्याचा इगतपुरी ते आमणे हा अखेरचा टप्पा खुला झाला आणि छत्रपती संभाजीनगर, म्हणजे पूर्वीचे औरंगाबाद, आम्हांला चार तासांच्या आत आले. माझी लेक वस्त्रकलेचा अभ्यास करते. तिला हिमरू आणि पैठणीचे माग पाहायचे होते. माझा हेतू वेगळा होता. शहात्तर वर्षांच्या माझ्या सासूबाई दोन वर्षांपूर्वी मामंजी गेल्यापासून ओटीच्या पलीकडे फारशा जात नव्हत्या. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकत चालला होता. शस्त्रक्रियेचे नाव काढले की म्हणत, “आता काय बघायचं राहिलंय मला?” पंचक्रोशीत त्यांच्या हातच्या गोधड्यांचे नाव होते, अर्धवट राहिलेली शेवटची गोधडी माळ्यावर बांधून ठेवलेली होती. चार दिवस हवापालट झाला तर बरे, असा साधा विचार मी केला.

मग डॉक्टरी शिस्तीने कागदावर वेळापत्रक मांडले. वेरूळ मी मुद्दाम वगळले. चौतीस लेणी अर्ध्या दिवसात उरकणे हा कैलास लेण्याचा अपमान आहे. शिवाय आमचा एक दिवस मंगळवार होता आणि त्या दिवशी वेरूळ बंद असते. पहिल्या दिवशी देवगिरी, संध्याकाळी बीबी का मकबरा. दुसऱ्या दिवशी पाणचक्की आणि पैठण. तिसऱ्या दिवशी हिमरू, भोजन आणि परतीचा प्रवास. औषधांची पेटी भरली. रक्तदाबाचे यंत्र घेतले. पहाटे पाच वाजता सासूबाईंना त्यांची रक्तदाबाची गोळी आठवणीने दिली.

माळीवाड्याजवळ महामार्ग सोडला की देवगिरीचा उभा कातळ लगेच समोर येतो. बाराव्या शतकात यादव राजा भिल्लमाने वसवलेली ही राजधानी. १२९६ मध्ये अल्लाउद्दीन खिलजीने तिच्यावर स्वारी केली आणि १३२७ च्या सुमारास महंमद तुघलकाने दिल्लीचा दरबार येथे हलवून तिचे नाव दौलताबाद ठेवले. डोंगराचे कडे तासून सरळ भिंतीसारखे केले आहेत. खंदक ओलांडल्यावर वर जाण्यास एकच वाट, तीही कातळातल्या अंधाऱ्या भुयारातून. शत्रूची दिशाभूल करणाऱ्या या भुयाराला ‘अंधारी’ म्हणतात. माथ्यापर्यंत सुमारे साडेसातशे पायऱ्या सांगतात. सासूबाईंनी वर जायचे नाही, हे ठरलेलेच होते. चाँद मिनारापर्यंत सपाटीने चालायचे आणि सावलीत बसायचे.

परंतु त्या अंधारीपर्यंत कोणी पोहोचण्यापूर्वीच सासूबाईंच्या डोळ्यांपुढे अंधारी आली. मिनाराच्या अलीकडे त्या चालता चालता थांबल्या, माझा दंड घट्ट धरला आणि खाली बसल्या. नाडी जलद आणि बारीक. जीभ कोरडी ठणठणीत. लेक धावत जाऊन गाडीतून यंत्र घेऊन आली. आडवे असताना रक्तदाब १२८/७८. आधार देऊन उभे केल्यावर तो ९६/६० वर आला. उभे राहताच वरचा आकडा वीस किंवा त्याहून अधिक घसरला, तर मेंदूकडे जाणारा रक्तपुरवठा क्षणभर अपुरा पडतो आणि माणूस कोसळतो. म्हातारपणी अशा पडण्यातच खुब्याचे हाड मोडते.

“आई, सकाळपासून पाणी किती घेतलंत?”

त्या काही बोलल्या नाहीत. मग हळूच म्हणाल्या, “चहा घेतला ना अर्धा कप.”

“अहो, बाटली दिली होती ना मी!”

“बाटली दिलीस गं. पण मग तुमची गाडी दर कोसाला थांबवायला लावायची का मी?”

हे वाक्य मला अजून टोचते. वाटेत आम्ही एकदा थांबलो होतो. “जायचं आहे का?” असे मी गाडीतूनच विचारले होते, त्यांनी “नाही” म्हटले होते आणि मी ते खरे मानले होते. माझ्या दवाखान्यातील प्रत्येक स्त्रीचे उत्तर मला ठाऊक होते; माझ्या शेजारी बसलेल्या स्त्रीचे मात्र ठाऊक नव्हते. भरीस भर म्हणजे पहाटे मीच दिलेली गोळी. रक्तदाबाच्या कित्येक गोळ्यांत लघवीचे प्रमाण वाढवणारे औषध मिसळलेले असते. गोळीच्या नावापुढे ‘एच’ किंवा ‘सीटी’ अशी अक्षरे असतील, तर तिच्यात हायड्रोक्लोरोथायाझाइड किंवा क्लोरथॅलिडोन असण्याचा संभव असतो. ते शरीरातील पाणी आणि क्षार बाहेर टाकते. पाणी आत जात नाही आणि बाहेर मात्र पडत राहते. मग कितीसा वेळ लागणार?

एक लिटर पाण्यात जलसंजीवनीची एक पुडी कालवली आणि तासाभरात घोटाघोटाने पाजली. पाय किंचित उंच ठेवून त्यांना सावलीत निजवले. लेक आणि तिचे बाबा किल्ला चढून आले. मी खालीच बसून राहिले आणि माझे वेळापत्रक फाडून टाकले.

दुपारभर विश्रांती घेऊन आम्ही उतरत्या उन्हात मकबऱ्यात गेलो. औरंगजेबाची पत्नी दिलरस बानू बेगम १६५७ मध्ये वारली. तिची ही कबर. ‘दख्खनचा ताज’ म्हणून लोक ताजमहालाशी तुलना करतात आणि नाके मुरडतात. मला ते पटत नाही. सात लाखांहून कमी खर्चात उभ्या राहिलेल्या या वास्तूत संगमरवर खालच्या पट्ट्यापुरता आणि घुमटाला आहे. मधल्या काळ्या दगडावर चुन्याचा गुळगुळीत गिलावा आणि त्यावर नक्षी. हा हात आखडता घेऊन साधलेला डौल आहे. आत उभे राहून जाळीच्या कठड्यावरून खालची कबर पाहायची असते. सासूबाईंनी वाकून पाहिले. “काही तरी पांढरं दिसतंय,” एवढेच म्हणाल्या. जाळीची नक्षी त्यांना दिसलीच नव्हती. हाताची बोटे मात्र कठड्यावरून फिरत राहिली.

येथे मधुमेहींसाठी एक सूचना करते. अशा वास्तूंच्या चौथऱ्यावर पादत्राणे काढावी लागतात. पायांची संवेदना कमी झालेल्या व्यक्तीला तापलेला दगड पोळल्याचे कळत नाही आणि घरी गेल्यावर तळव्याला फोड दिसतो. सकाळी लवकर किंवा सायंकाळी जा आणि जाड मोजे घाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी पाणचक्कीवर आम्ही चांगला दीड तास काढला. हे शहर १६१० मध्ये मलिक अंबरने खडकी या गावी वसवले, ते मुळात पाण्याच्या जोरावर. डोंगरातले पाणी उताराने आणून त्याने नहर बांधली. पुढे त्याच विद्येवर, बाबा शाह मुसाफिर यांच्या दर्ग्याजवळ, १७४४ च्या सुमारास ही चक्की झाली. पाण्याचा लोट खालच्या चाकावर पडे, वरचे जाते फिरे आणि फकीर व यात्रेकरूंसाठी दळण निघे. सासूबाई जात्यापाशी रेंगाळल्या. “आमच्या वेळी पाणी नव्हतं हो ओढायला, दोन जावा होतो,” असे म्हणून हसल्या. कालपासूनचे त्यांचे हे पहिलेच हसणे. हौदाच्या काठी बसून त्यांनी जवळजवळ अर्धी बाटली पाणी संपवले.

कारण एव्हाना मी माझा प्रश्न बदलला होता. “जायचं आहे का?” असे विचारणे मी बंद केले. “आई, मी चालले आहे, सोबत येता का?” असे म्हणू लागले. या प्रश्नाला त्यांनी एकदाही नकार दिला नाही. घरातील तरुण स्त्रियांनी हे जरूर करून पाहावे. वडीलधाऱ्या बाईला आपल्यासाठी गाडी थांबवणे जड जाते. दुसरीला सोबत करणे मात्र सहज जमते.

पैठण तेथून सुमारे पन्नास किलोमीटर. नाथांचे दर्शन घेऊन आम्ही एका मागावर गेलो. पैठणीच्या पदरावर मोर किंवा मुनिया विणताना विणकर छोट्या छोट्या तिल्ल्यांवर गुंडाळलेले रंगीत रेशीम उभ्या धाग्यांतून मोजून मोजून अडकवत जातो. दिवसाला काही बोटे कापड होते. भरलेल्या पदराच्या साडीला महिनोन्‌महिने लागतात. विणकर पन्नाशीचे होते. मान पुढे झुकलेली, खांदे आवळलेले. माझी नजर आधी तेथेच गेली. त्यांना मानेचे दोन व्यायाम दाखवल्यावाचून मला राहवेना.

सासूबाईंनी विचारून पदराचे टोक बोटांत धरले. वरून चाचपले, खालून चाचपले. “ह्याला उलटी बाजू नाही,” त्या म्हणाल्या. विणकरांनी चमकून वर पाहिले. अस्सल हातमागावरच्या पैठणीची हीच तर खूण! नक्षी दोन्ही बाजूंनी सारखी दिसते. मग त्या दोघांचे बोलणे सुरू झाले: धागा कितपत ताणावा, गाठ कुठे दडवावी, एक टाका चुकला तर किती उसवावे लागते. शेवटी सासूबाईंनी विचारले, “तुम्हाला एवढं बारीक दिसतं कसं?” त्यांनी चष्मा काढून दाखवला आणि म्हणाले, “आजी, गेल्या साली डोळ्याचं करून घेतलं. नाही तर माग बंदच पडला होता.”

त्यावर त्या काहीच बोलल्या नाहीत. आम्हीही बोललो नाही.

तिसऱ्या दिवशी हिमरू पाहिले. सुती उभ्या धाग्यावर रेशमाची नक्षी. मागच्या बाजूने मोकळे धागे सुटलेले, म्हणून ही शाल अंगाला ऊबदार लागते. किनखापासारखे दिसणारे, पण त्याहून स्वस्त असे हे कापड तुघलकाबरोबर दख्खनेत आले, असे येथे सांगतात. सासूबाईंनी डोळे मिटून निकाल दिला, “ह्याला मात्र उलटी बाजू आहे.” लेकीने तिच्या वहीत ते वाक्य लिहून घेतले.

दुपारी नान-खलिया. भट्टीतून निघणारी जाड, हळद-गुळाच्या पाण्याने सोनेरी झालेली नान आणि खड्या मसाल्यांत शिजलेला मटणाचा पातळ रस्सा. हे लष्कराचे जेवण, हजारोंसाठी एकदम रांधता यावे म्हणून निघालेले, अशी आख्यायिका आहे. डॉक्टर म्हणून सांगायचे तर वरची तर्री निम्मी बाजूला सारावी आणि हे जेवण रात्री न घेता दुपारी घ्यावे. मधुमेहाच्या ग्लिमेपिराइडसारख्या गोळ्या घेणाऱ्यांनी सहलीत जेवणाची वेळ टळू देऊ नये आणि खिशात साखर ठेवावी. बाई म्हणून सांगायचे तर माझ्या यजमानांनी तर्री अजिबात सारली नाही आणि मीही त्यांना टोकले नाही. सासूबाईंनी नानचा तुकडा मोडून हुंगला आणि तिच्यात काय काय असावे याचा हिशेब मांडला. दोन वर्षांत प्रथमच मी त्यांना दुसऱ्यांदा वाढून घेताना पाहिले.

आता, आपण निघण्यापूर्वी, थोडे रोखठोक. घरातील ज्येष्ठांची रक्तदाबाची गोळी कोणती आहे, हे प्रवासाच्या आठवडाभर आधी आपल्या डॉक्टरांना दाखवा. ती मनाने बंद करू नका. वेळ किंवा मात्रा बदलायची असेल तर डॉक्टरच सांगतील. हृदयाचा किंवा मूत्रपिंडाचा विकार असणाऱ्यांनी पाणी किती घ्यावे हेही त्यांनाच विचारा. भरपूर पाणी हा सल्ला सर्वांना लागू नाही. गाडी दर दोन तासांनी थांबवा, कोणी मागणी करो वा न करो. बसल्या बसल्या घोटे वरखाली हलवत राहा. गुडघे दुखणाऱ्यांनी ध्यानात ठेवावे की पायऱ्या चढण्यापेक्षा उतरताना गुडघ्यावर अधिक भार येतो. काठी उतरतानाही हातात हवी.

परतल्यावर मी सासूबाईंचे रक्त तपासले. सोडियम थोडे कमी होते. गोळी बदलली. परतीच्या वाटेवर त्यांनी स्वतःहून दोनदा गाडी थांबवायला लावली होती, हेही नोंदवून ठेवते.

जानेवारीत कल्याणला त्यांच्या उजव्या डोळ्याची शस्त्रक्रिया झाली. दीड महिन्याने चष्म्याचा नंबर मिळाला आणि त्यांनी नातीकरवी माळ्यावरचे बोचके खाली काढवले. गोधडी उलगडून बराच वेळ पाहत बसल्या. मग कपाळाला हात लावला. “अगं बाई, हे असले टाके मी घातलेत?” असे म्हणून त्यांनी कात्री मागितली आणि एक कोपरा उसवायला घेतला.