घंटसाल आणि तेलुगू पद्याचे गायन

तेलुगू चित्रपटसंगीतातील घंटसाल वेंकटेश्वरराव (१९२२–१९७४) हे गायक व संगीतकार या दोन्ही नात्यांनी प्रसिद्ध आहेत. भाषाभ्यासकाच्या दृष्टीने मात्र त्यांच्या कार्याचा सर्वांत विचारार्ह भाग म्हणजे तेलुगू पद्याला त्यांनी दिलेले गेय रूप होय.

तेलुगूत 'पद्यम्' म्हणजे छंदोबद्ध रचना व 'पाट' म्हणजे तालबद्ध गीत. पद्य रागात गायिले जाते, परंतु तालाविना. संस्कृत व मराठी छंदःशास्त्रात यती म्हणजे विराम. तेलुगूत ती वर्णमैत्री आहे. चरणाच्या आद्याक्षराशी नियत स्थानावरील अक्षराचे ध्वनिसाम्य असावे लागते. उत्पलमालेच्या २० अक्षरी चरणात हे स्थान दहावे असते. तेथे शब्द संपलाच पाहिजे असे बंधन नाही. चरणान्तीही शब्द पुढील चरणात ओलांडून जाऊ शकतो. त्यामुळे गायकापुढे पेच उभा राहतो. छंदाच्या मोजमापाने थांबावे तर शब्द तुटतो. अर्थानुसार थांबावे तर छंदाची आकृती अस्पष्ट होते.

रंगभूमीवर नट पद्याच्या अखेरीस दीर्घ आलाप घेत. त्यात स्वराला वाव मिळे, पण अर्थ मागे पडे. ध्वनिक्षेपकाच्या युगात आवाज दूरवर फेकण्याची गरज उरली नाही. घंटसाल यांनी या सोयीचा उपयोग अर्थासाठी केला. आलाप आखूड ठेवून त्यांनी विराम पदसमूहाच्या अंती योजिला आणि रागाची निवड प्रसंगाच्या भावावरून केली. यती व प्रास यांचे नाद अक्षरांत मुळातच असल्याने, उच्चार स्पष्ट राहिला की ते आपोआप कानी येतात.

या दृष्टीला शास्त्रीय शिक्षणाचा आधार होता. विजयनगरम् येथील संगीत महाविद्यालयात पत्रायणि सीतारामशास्त्री हे त्यांचे गुरू होते. १९४२ च्या आंदोलनात त्यांना कारावासही घडला. पुढे मद्रासला 'मन देशम्' (१९४९), 'पाताळभैरवी' (१९५१) व 'लवकुश' (१९६३) या चित्रपटांना त्यांनी संगीत दिले. 'मायाबजार'चे (१९५७) संगीत सालूरि राजेश्वरराव यांनी आरंभिले व घंटसाल यांनी पूर्ण केले. जंध्याल पापय्यशास्त्री यांच्या 'पुष्पविलापम्' या काव्यात खुडली जाणारी फुले माणसापाशी आपली व्यथा मांडतात. त्याची पद्ये घंटसाल यांच्या ध्वनिमुद्रिकेमुळे ग्रंथाबाहेर पडून घरोघरी ऐकली गेली.

ज्या श्रोत्याला छंदःशास्त्र ठाऊक नाही, त्यालाही कविता कळावी, हे या गायनाचे फलित होय. ही मुद्रणे छंद आणि वाक्यरचना यांच्या संघर्षात जाणकार कंठ कोठे थांबतो, याचा पुरावाही ठरतात; लिखित संहितेत तो पुरावा नसतो.