बंदरातून येणारा तांबेरा

वाढवण बंदराची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ रोजी झाली, त्याच्या कितीतरी आधीपासून मच्छीमारांच्या निर्वाहाचा आणि डहाणू तालुक्याला १९९१ साली पर्यावरणदृष्ट्या नाजूक ठरविणाऱ्या अधिसूचनेचा वाद चालत आला आहे. परंतु जहाजातून विनापरवाना उतरू शकणाऱ्या एका अतिसूक्ष्म प्रवाशाविषयी मात्र फारसे कोणी बोलताना ऐकू येत नाही.

त्याचे प्रताप पाहायचे तर ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्यावर जावे लागते. तेथील दमट अरण्यांत, बेटमन्स बेपासून बंडाबर्गच्या परिसरापर्यंत, ‘र्‍होडॅम्निया रुबेसेन्स’ नावाचे, क्वचित लहान वृक्षाएवढे वाढणारे झुडूप आढळते. तांबूस सुटी साल, तीन ठळक शिरांची पाने, सुगंधी पांढरी फुले आणि आधी तांबडी, मग काळी होणारी फळे, असे त्याचे रूप असून आपले जांभूळ, पेरू, लवंग आणि निलगिरी ज्या जंबुल कुलातील, त्याच कुलात त्याची गणना होते. हे झुडूप दुर्मिळ आहे असे २०१० पूर्वी कोणीही म्हटले नसते. त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये न्यू साउथ वेल्समधील पानाफुलांची विक्री करणाऱ्या एका बागेत तांबेऱ्याची एक परदेशी जात सापडली, आणि २०१९ साली त्या राज्याने या झुडपाची नोंद अतिसंकटग्रस्त म्हणून केली.

गव्हाचा तांबेरा हरभऱ्याला शिवत नाही. बागेत सापडलेल्या या तांबेऱ्याचे कवक मात्र जंबुल कुलातील चारशेहून अधिक जातींवर निर्वाह करू शकते. दमट हवेत त्याचे बीजुक ओलसर कोवळ्या पानावर रुजते, आत शिरते, आणि दोनएक आठवड्यांत पालवीवर हळद सांडल्यासारखी बीजुकांची पूड उठते. जून पाने बहुधा वाचतात. कोवळे शेंडे, कळ्या आणि कच्ची फळे मात्र जळून जातात. पुन:पुन्हा पालवी गमावलेले झाड अखेर मरते, आणि फळच धरत नसल्याने त्याच्या जागी नवे रोप येत नाही. कुऱ्हाडीने तोडलेल्या अरण्यात निदान बी तरी उरते, असे म्हणावेसे वाटते! सिडनीजवळच्या माउंट ॲनन येथील वनस्पतिउद्यानात आता छाटकलमांवर ही जात जतन केली जात आहे.

या कवकाचे प्रथम वर्णन १८८४ साली ब्राझीलमधील पेरूवरून झाले. जमैकातील ऑलस्पाइसचे मळे त्याने १९३० च्या दशकात उद्ध्वस्त केले, २००५ मध्ये ते हवाईत पोचून तेथील गुलाबजांबाची झाडे त्याने सुकवली, आणि २०१७ साली न्यूझीलंड गाठले. त्याची वाहने अनेक: रोपे, तोडलेला पाला, माणसांचे कपडे, आणि ज्याला कोणतीच जकात नाही असा वारा.

डहाणूचा लौकिक चिकूवर उभा असला, तरी चिकू जंबुल कुलातला नव्हे. परंतु पाड्यापाड्यावरची जांभळी आणि परसातला पेरू यांना हे नाते चुकत नाही, आणि पालघरचे बहाडोली गाव तर जांभळासाठीच प्रसिद्ध आहे. वनस्पतींच्या आयातीवर २००३ च्या संगरोध हुकुमाचे नियमन आहे. परवाना आणि रोगमुक्ततेचा दाखला लागतो. दाखला तपासणाऱ्या अंमलदाराला बीजुक दिसत नाही, हीच अडचण. म्हणून वाढवणच्या धक्क्यावर जकातीच्या कचेरीबरोबरच वनस्पतिरोगतज्ज्ञ, सूक्ष्मदर्शक आणि संशयित रोपे अलग ठेवण्याची बंदिस्त जागा पहिल्या जहाजाआधी सिद्ध असावी, आणि पालवीवर पिवळी पूड दिसल्यास कोणाला कळवायचे, याचा कागद तलासरी-डहाणूच्या प्रत्येक ग्रामपंचायतीत पोचलेला असावा.