पुठ्ठ्याचा राक्षस आणि पोलादी साचा

अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यात लेक जिनिव्हा नावाचे एक छोटे गाव आहे. १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला तिथे गॅरी गायगॅक्स आणि त्याचे मित्र टेबलावर मध्ययुगीन लढाया खेळत. सरदार, घोडेस्वार, तिरंदाज शिशाचे विकत मिळत. अडचण राक्षसांची होती. मग स्वस्त वस्तूंच्या दुकानातून गायगॅक्सने प्लास्टिकच्या 'प्रागैतिहासिक प्राण्यां'ची एक पिशवी आणली. माल हाँगकाँगचा. त्यातले काही प्राणी पृथ्वीवर कधी वावरले असण्याची सुतराम शक्यता नव्हती. एकाच्या पाठीवर कवच आणि शेपटीला पंख्याची पाती, दुसऱ्याचे डोके बंदुकीच्या गोळीसारखे, तिसऱ्याला धड अस्वल म्हणता येईना की धड पक्षी.

या मंडळींनी त्यांना टेबलावर उतरवले आणि नियम नंतर लिहिले. पंख्याच्या शेपटीचा प्राणी लोखंड खाणारा 'रस्ट मॉन्स्टर' ठरला, अस्वलपक्षी 'आउलबेअर' झाला. १९७४ साली 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' हा खेळ छापून आला, १९७५च्या पुरवणीत हे दोघे दाखल झाले आणि १९७६ साली 'द ड्रॅगन' मासिकाच्या पहिल्याच अंकात गोळीडोक्या 'बुलेट'ची माहिती प्रसिद्ध झाली. पन्नास वर्षे होत आली, तिघे अजून खेळात आहेत.

आजच्या खेळाडूची गरज नेमकी उलटी आहे. राक्षस नियमपुस्तकात आहे, त्याचे चित्र पेटीत आहे; त्याला हवा आहे तो प्लास्टिकचा देह. हजारो रुपयांचा खेळ विकत घ्यायचा आणि त्यातल्या पुठ्ठ्याच्या सोंगट्या बाजूला ठेवून त्यांच्या जागी हाताच्या बोटाएवढे कोरीव पुतळे पुन्हा पैसे मोजून आणायचे, हा छंद बाहेरच्या माणसाला वेडेपणा वाटतो. खेळणाऱ्यांच्या भाषेत या पुतळ्यांना 'मिनी' म्हणतात, मिनिएचरचे लाडके रूप.

'ग्लूमहेवन'चे उदाहरण घ्यावे. आयझॅक चिल्ड्रेस या अमेरिकी खेळकाराने २०१५ साली किकस्टार्टरवर लोकांकडून आगाऊ पैसे जमवून तो काढला. २०१७ साली दुकानांत पोचलेली पेटी सुमारे दहा किलोची, म्हणजे घरी आणताना रिक्षा करावी लागेल अशी. आत प्रवास करणाऱ्या वीरांचे १७ प्लास्टिकचे पुतळे होते. त्यांच्यावर चालून येणारे राक्षस मात्र पुठ्ठ्याचे, प्लास्टिकच्या खाचेत उभे केलेले. समोरून पाहिले तर चित्र. टेबलाच्या कडेला बसलेल्याला मात्र दोन मिलिमीटरची रेघ. वीर देहधारी आणि राक्षस कागदी, हा भेद पुष्कळांना सहन झाला नाही. त्यांनी इतर कंपन्यांचे सांगाडे, डाकू आणि चिखलाचे गोळे जमवायला सुरुवात केली. २०२३ साली प्रकाशकांनी स्वतःच राक्षसांच्या पुतळ्यांसाठी नव्याने पैसे गोळा केले.

गंमत अशी की त्या बिचाऱ्या पुठ्ठ्याला काम होते. पांढरी खाच म्हणजे साधा राक्षस, पिवळी म्हणजे जबर. चित्रावर आकडा असतो आणि कोणाला किती जखमा झाल्या याचा हिशेब त्या आकड्याने ठेवतात. एकसारखे सहा सुबक सांगाडे मांडले की यातला जखमी तिसरा कोणता, हे कोणालाच सांगता येत नाही. मग हौशी लोक पुतळ्याच्या तळाला पिवळी कडा रंगवतात, मागे बारीक आकडे घालतात. दोन हजारांची सोंगटी आणून शेवटी पुठ्ठ्याची नक्कल करायची वेळ येते.

ही खरेदी आजची नाही. १८९३ साली लंडनच्या विल्यम ब्रिटन कंपनीने आतून पोकळ शिशाचे शिपाई ओतायचे तंत्र आणले. शिसे कमी लागू लागले, किंमत उतरली आणि इंग्लंडच्या मध्यमवर्गीय घरांत पलटणी उभ्या राहिल्या. एच. जी. वेल्सने १९१३ साली 'लिटल वॉर्स' हे नियमपुस्तक लिहिले ते याच शिपायांसाठी. जेवणानंतर एका मित्राने खेळण्यातल्या स्प्रिंगच्या तोफेने शिपाई टिपायला सुरुवात केली आणि त्यातून सगळे सुचले, असे वेल्स सांगतो. पुस्तकात त्या मित्राची फक्त आद्याक्षरे आहेत. तो 'थ्री मेन इन अ बोट'चा जेरोम के. जेरोम असल्याचे मानले जाते. म्हणजे इथेही खेळणे आधी विकत घेतलेले, नियम मागाहून.

खेळाच्या कंपन्यांनी यातून धडा घेतला, पण तो दोन पद्धतींनी. ब्रिटनच्या गेम्स वर्कशॉपने १९८३ साली 'टॅलिझ्मन' हा पटावरचा खेळ काढला. पेटीत पुठ्ठ्याची पात्रे होती आणि त्याच पात्रांचे धातूचे पुतळे सिटाडेल या भावंड-कंपनीने वेगळे विकले. १९८६च्या 'ब्लड बोल'मध्येही खेळाडू पुठ्ठ्याचे होते. दोन वर्षांनी आलेल्या दुसऱ्या आवृत्तीत प्लास्टिकचे संघ पेटीतच आले. १९८९ साली मिल्टन ब्रॅडली या कंपनीबरोबर काढलेल्या 'हीरोक्वेस्ट'ने तर ३५ पुतळे, वर टेबल-कपाटे-शवपेट्यांचे सामान एका पेटीत भरून खेळण्यांच्या साध्या दुकानात ठेवले. एका पिढीने पहिल्यांदा मिनी हातात घेतली ती तिथे. आधी वेगळे विकायचे, मग पेटीत घालायचे, मग नव्या खेळात पुन्हा वेगळे विकायचे. हे चक्र तेव्हापासून फिरते आहे. नॉटिंगहॅमची ही कंपनी डिसेंबर २०२४ मध्ये लंडनच्या शेअर बाजारातल्या पहिल्या शंभर कंपन्यांच्या निर्देशांकात जाऊन बसली.

पेटीत प्लास्टिक भरपूर आले म्हणून खरेदी थांबते असेही नाही. लॅरी हॅरिसचा दुसऱ्या महायुद्धावरचा 'ॲक्सिस अँड अलाइज' मिल्टन ब्रॅडलीने १९८४ साली काढला. रणगाडे, विमाने, पाणबुड्या, पायदळ असा ढीगच्या ढीग त्यात होता. तरी दोन गोष्टी खुपत. पाचही देशांचे रणगाडे आणि विमाने एकाच साच्यातली, फरक फक्त रंगाचा. दुसरे असे की शिपाई पुरत नसत. म्हणून एका शिपायाखाली चकत्या ठेवायच्या: राखाडी म्हणजे आणखी एक, लाल म्हणजे पाच. युक्रेनवर अठरा जणांची फौज चालून येते ती प्रत्यक्षात तीन लाल आणि दोन राखाडी चकत्यांवर उभा असलेला एकटा शिपाई! पुढच्या आवृत्त्यांनी देशादेशाचे वेगळे पुतळे दिले. तोवर त्याच मापाचे जादा शिपाई आणि पेटीत नसलेली शस्त्रे बनवून विकणाऱ्या छोट्या कंपन्या उभ्या राहिल्या होत्या आणि गिऱ्हाईकही त्यांना टिकून राहिले.

नियमाच्या दृष्टीने चकती आणि शिपाई यांत काही फरक नाही. फासे तेच, आकडे तेच. पण चकतीवरचा माणूस मरतो तेव्हा गल्ल्यातून सुटे पैसे काढल्यासारखे वाटते, आणि अठरा शिपाई एकेक करून उचलावे लागतात तेव्हा टेबलावर थोडी शांतता पसरते. या छंदाचे खरे समर्थन एवढेच आहे, आणि ते पुरेसे आहे.

पैसा जातो कुठे, हे समजायचे तर साच्याकडे पाहावे लागते. प्लास्टिकचा पुतळा पोलादाच्या दोन अर्ध्या साच्यांत जन्मतो. वितळलेले प्लास्टिक जबर दाबाने आत जाते, थंड होते, अर्धे बाजूला सरकतात, सोंगटी बाहेर पडते. पुतळ्यामागे प्लास्टिक लागते काही पैशांचे. साचा कोरायला मात्र हजारो डॉलर जातात. शंभर पुतळे काढले तर एकेक सोन्याच्या भावाचा, लाखभर काढले तर चण्याफुटाण्याच्या. धातूचे उलटे आहे. रबराचा साचा स्वस्तात होतो आणि लवकर झिजतो, म्हणून थोड्या मालाला धातू परवडतो. किकस्टार्टरने नेमकी हीच फट भरली, कारण गिऱ्हाईक आधी पैसे देते आणि साचा त्यानंतर कोरला जातो. २०१२ साली टेक्सासमधल्या रीपर कंपनीने आपल्या धातूच्या पुतळ्यांची प्लास्टिक आवृत्ती काढण्यासाठी हात पसरले आणि ३४ लाख डॉलर जमले. त्याच वर्षी 'झॉम्बिसाइड'ने पावणेआठ लाखांवर मजल मारली. २०१६च्या नोव्हेंबरात सुरू झालेली 'किंगडम डेथ: मॉन्स्टर'ची दुसरी मोहीम जानेवारीत संपली तेव्हा आकडा १ कोटी २३ लाख डॉलरच्या पुढे गेला होता.

याचा परिणाम खेळांवर झाला आणि तो सगळाच चांगला झाला नाही. रक्कम वाढेल तसे 'आणखी पाच पुतळे फुकट' असे आमिष दाखवायची रीत पडली. पुतळा पडद्यावर सुंदर दिसतो. नियम कसे जमले आहेत ते चित्रात दिसत नाही. त्यामुळे दोन तासांत कंटाळा येईल असे खेळ शंभर-शंभर पुतळ्यांच्या जोरावर विकले गेले आणि माळ्यावर गेले.

साच्याची मर्यादा पुतळ्याच्या अंगावरही दिसते. दोन अर्धे सरळ रेषेत दूर व्हायचे असल्यामुळे आत वळलेली खोबण काढता येत नाही. म्हणून एकसंध शिपायाची बंदूक छातीला चिकटून एकजीव झालेली असते आणि चांगल्या संचात हात, डोके, तलवार सुटे येतात. मालाचेही दोन प्रकार आहेत. चौकटीतून कापून जोडायचे ते कडक पॉलिस्टायरीन, त्याचा खास डिंक प्लास्टिकलाच विरघळवून सांधा करतो. पेटीत जोडून येणारे असतात ते बहुधा मऊ पीव्हीसीचे. त्यांना तो डिंक चालत नाही, सुपरग्लू लागतो. पीव्हीसीच्या तलवारी आणि भाले बहुतेक वेळा वाकूनच घरी येतात. उपाय स्वयंपाकघरात आहे: गरम पाण्यात मिनिटभर बुडवायचे, सरळ करायचे, लगेच गार पाण्यात टाकायचे. रंगवण्याआधी साबणाच्या पाण्याने धुवायचे, कारण साच्यातून सुटण्यासाठी लावलेला तेलकट थर रंग धरू देत नाही. फवाऱ्याचे काही प्रायमर मऊ प्लास्टिकवर महिनोन्‌महिने चिकट राहतात, म्हणून आधी एका सोंगटीवर करून पाहावे.

आणि माप! दिवाळीत किल्ला केलेल्या प्रत्येकाला हा प्रश्न ठाऊक आहे. कुंभाराकडचा मावळा महादरवाजाएवढा, गवळण बुरुजाहून उंच आणि गुहेतला वाघ अख्ख्या तटबंदीला पुरून उरणारा. किल्ल्यावर ते खपते. पटावर खपत नाही, कारण तिथे घर ठरलेल्या मापाचे असते. मिनीचे माप २८ मिलिमीटर म्हणून सांगतात, पण कोणी ते तळव्यापासून डोळ्यांपर्यंत मोजतो, कोणी डोक्यापर्यंत. शिवाय 'हीरोइक' नावाच्या शैलीत डोके आणि हात मुद्दाम मोठे करतात, म्हणजे लांबून दिसावेत. एअरफिक्स कंपनीचे स्वस्त शिपाई एकास बहात्तर या प्रमाणात असतात. ते २८च्या शेजारी शाळकरी पोरांसारखे दिसतात आणि 'ॲक्सिस अँड अलाइज'च्या नकाशावर ठेवले तर एकट्याने बेल्जियम झाकतात.

शिशाचा जमाना मधेच संपला. १९९३ साली न्यूयॉर्क राज्यात शिशाच्या पुतळ्यांवर बंदीचा कायदा आला. त्यात पुढे सवलत मिळाली, पण तोवर अमेरिकेतल्या राल पार्थासारख्या कंपन्या महागड्या बिनशिशाच्या मिश्रधातूकडे वळल्या होत्या आणि प्लास्टिकची वाट आणखी मोकळी झाली.

ती वाट चीनमधून जाते. बहुतेक पेट्या आणि त्यांतले पुतळे तिथल्या कारखान्यांत होतात. एप्रिल २०२५ मध्ये अमेरिकेने चिनी मालावरचा आयातकर १४५ टक्क्यांपर्यंत नेला. मे महिन्यात तो ३० टक्क्यांवर आला, पण मधल्या आठवड्यांत तयार माल गोदामात ठेवायचा की नव्या भावाने सोडवायचा, या पेचात अनेक प्रकाशक सापडले. भारतातही २०२० साली खेळण्यांवरचे सीमाशुल्क २० वरून ६० टक्के आणि २०२३ साली ७० टक्के झाले. परदेशातून येणारी पुतळ्यांची पुडी खेळणे म्हणून गणली गेली, तर टपालखर्च धरून ती मूळ खेळाच्या किमतीला भिडू शकते.

म्हणून इकडच्या हौशींचे डोळे थ्रीडी प्रिंटरकडे आहेत. राळेवर चालणारा घरगुती प्रिंटर ०.०५ मिलिमीटरचे थर चढवतो. चिलखताची कडी न्‌ कडी उमटते. साचा नको, लाखभर गिऱ्हाइके नकोत, एक पुतळा हवा असेल तर एकच काढावा. मात्र ओली राळ त्वचेला बाधते, हातमोजे आणि खेळती हवा लागते, छापून झाल्यावर अल्कोहोलमध्ये धुवून अतिनील प्रकाशात सुकवावे लागते. शिवाय राळेचा पुतळा ठिसूळ असतो. पडला तर पीव्हीसीसारखा वाकत नाही, त्याचे घोटे तुटतात. मुलांच्या हाती जाणाऱ्या पेटीत तो घालू नये.

ज्याला या वाटेने जायचेच आहे त्याने सगळे राक्षस एकदम आणू नयेत. पटावर वारंवार येणारे दोन-तीन प्रकार आधी बदलावेत, उरलेला पुठ्ठा उभा राहू द्यावा. पैसे भरण्यापूर्वी खिशातून २०११च्या मालिकेतले दोन रुपयांचे नाणे काढावे. त्याचा व्यास २५ मिलिमीटर, म्हणजे माणसाएवढ्या मिनीच्या नेहमीच्या तळाइतका. ते पटावरच्या घरात बसते का, शेजारच्या घरात दुसरे नाणे ठेवल्यावर दोघांच्या मधे बोट जाते का, ते पाहावे. जात नसेल तर पुतळा कितीही देखणा असला तरी घेऊ नये.